प्राप्तिकराचे विवरणपत्र : धास्ती नको, टापटीप हवी

(मंडळाच्या वार्षिक मेळाव्यात नळदुर्ग येथे दिलेल्या व्याख्यानाचा मजकूर)



आपल्या मेळाव्यात वधूवरांचा परिचय, गुणवंत विद्यार्थ्यांचा गौरव आणि वसतिगृहाचा निधी हे विषय दरसाल येतात. यंदा कार्यकारिणीने आम्हांस प्राप्तिकराच्या विवरणपत्राविषयी बोलण्याची आज्ञा केली, तेव्हा हा रूक्ष विषय ऐकण्यास कोण बसेल, अशी शंका प्रथम मनात आली. परंतु विचार करता असे दिसले की, आपल्यांतील शिक्षक, बँकेतील व एस. टी. तील नोकरदार, निवृत्त मंडळी, दुकानदार आणि पदरी थोडीबहुत शेती असलेले गृहस्थ, या सर्वांच्या घरी जुलै महिना उजाडला की एकच धावपळ सुरू होते. कपाटे उपसली जातात, पासबुके सापडत नाहीत, पतिपत्नीत शब्दाला शब्द लागतो, आणि अखेरच्या दिवशी कोणाच्या तरी हाती सर्व कागद सोपवून गृहस्थ मोकळा होतो. ही धावपळ टाळता येण्याजोगी आहे, एवढेच आज आम्हांस सांगावयाचे आहे. नोकरदाराचा कर बहुधा पगारातूनच कापलेला असतो. जड जाते ते बारा महिन्यांचे स्मरण एका रात्रीत करणे. तेव्हा उपाय करावयाचा तो बारा महिन्यांतच केला पाहिजे.

प्रथम थोडा पूर्वेतिहास सांगतो. कारण या कागदाची आपल्याकडे एवढी धास्ती का, याचे एक उत्तर त्यात आहे. ज्या नळदुर्गात आपण जमलो आहोत, तेथे सरकारदेणे आणि कागदपत्र यांचे नाते जुने आहे. 1853 च्या तहाने निजामाने हा मुलूख इंग्रजांच्या हवाली केला आणि नळदुर्ग जिल्ह्याचा कारभार कॅप्टन मेडोज टेलर यांजकडे आला. 1839 साली ठगांवरील प्रसिद्ध कादंबरी लिहिणारे तेच हे टेलरसाहेब. त्यांनी येथे जमिनीच्या मोजणीचे काम हाती घेतले. कारण कोणाची जमीन किती हे कागदावर आल्यावाचून सारा न्यायाने बसविता येत नाही. पुढे 1860 साली हा मुलूख निजामाकडे परत गेला. योगायोग असा की, त्याच 1860 साली ब्रिटिश हिंदुस्थानात जेम्स विल्सन यांनी प्राप्तिकर प्रथम बसविला. वर्षाला 200 ते 500 रुपये प्राप्ती असणाऱ्यास शेकडा दोन व त्याहून अधिक असणाऱ्यास शेकडा चार, असा त्याचा दर होता. आपले पूर्वज निजामी अंमलात गेल्यामुळे त्यांस या कराचा परिचय झाला नाही. हैदराबाद संस्थानाने स्वतःचा प्राप्तिकराचा कायदा केला तो अगदी अखेरीस, 1357 फसली सालात. 17 सप्टेंबर 1948 रोजी निजामाची राजवट संपली, आणि भारताचा प्राप्तिकर कायदा 1 एप्रिल 1950 पासून या भागास लागू झाला. पुण्यामुंबईच्या घरांस या कागदाची सवय अनेक पिढ्यांची आहे. मराठवाड्यातील घरांस ती दोनतीन पिढ्यांचीच आहे. सारा तलाठ्याकडे भरावा आणि पावती देव्हाऱ्यामागे ठेवावी, ही आपली जुनी रीत. स्वतःच्या उत्पन्नाचे निवेदन स्वतःच करावे, ही रीत आपणास नवी. म्हणून भय वाटते. भयाचे कारण कळले म्हणजे ते अर्धे कमी होते.

आता कायद्याकडे वळू. 1 एप्रिल 1962 पासून 1961 चा कायदा चालत आला. त्याच्या जागी 2025 चा नवा प्राप्तिकर कायदा 1 एप्रिल 2026 पासून अंमलात आला आहे. जुन्या कायद्यात दुरुस्त्यांच्या भरतीने कलमांची संख्या 819 पर्यंत गेली होती. नव्यात 536 कलमे आहेत. 'मागील वर्ष' आणि 'आकारणी वर्ष' हा जो घोळ सामान्य माणसास कधीच उमगला नाही, तो काढून 'कर वर्ष' हा एकच शब्द ठेवला आहे. 31 मार्च 2026 पर्यंतच्या उत्पन्नास मात्र जुनाच कायदा लागतो. कलमांचे आणि नमुन्यांचे क्रमांक बदलतात. म्हणून आमची सूचना अशी की, क्रमांक पाठ करण्याऐवजी कागद ओळखण्यास शिकावे. मालकाकडून मिळणारे पगाराचे व कापलेल्या कराचे प्रमाणपत्र, ज्यास नोकरदार मंडळी आजवर 'फॉर्म सोळा' म्हणत आली, ते उद्या कोणत्याही क्रमांकाने आले तरी कागद तोच राहणार.

विवरणपत्र भरावे कोणी, याविषयी एक मोठा गैरसमज पसरला आहे. बारा लाखांपर्यंत कर नाही, असे सर्वांनी ऐकले. त्यावरून बारा लाखांपर्यंत विवरणपत्रही नाही, असे पुष्कळांनी ठरवून टाकले. वस्तुस्थिती अशी आहे की, 2025-26 या वर्षापासून नव्या करपद्धतीत मूळ करमुक्त मर्यादा चार लाखांची आहे. करपात्र उत्पन्न बारा लाखांच्या आत असल्यास येणाऱ्या करावर सूट मिळून कर शून्य होतो. पण ती सूट विवरणपत्रातच मागावयाची असते. म्हणजे उत्पन्न चार लाखांवर गेले की विवरणपत्र आले, मग कर एक रुपयाही न निघो. तसेच, मुलगा परदेशी आहे म्हणून आईवडिलांच्या परदेशप्रवासावर कोणी वर्षात दोन लाखांहून अधिक स्वतःच्या पदरचे खर्च केले, किंवा वर्षाचे विजेचे बिल एक लाखावर गेले, तर उत्पन्न कमी असूनही विवरणपत्र द्यावे लागते. शेअर अथवा म्युच्युअल फंड विकून झालेल्या नफ्यास वरील सूट सरसकट लागत नाही, हेही तरुण मंडळींनी ध्यानात ठेवावे.

एक उदाहरण घेऊ. समजा, एका शिक्षकाचे वय 48, वर्षाचा पगार 7,20,000 रुपये आणि बँकेतील ठेवीचे व्याज 60,000 रुपये आहे. नव्या पद्धतीत पगारातून 75,000 रुपयांची ठोक वजावट मिळून करपात्र उत्पन्न 7,05,000 रुपये झाले. सुटीमुळे कर शून्य. परंतु व्याज 50,000 रुपयांवर गेल्याने बँकेने शेकडा दहाप्रमाणे 6,000 रुपये आधीच कापून सरकारात भरले आहेत. हे सहा हजार त्या शिक्षकाचे स्वतःचे आहेत. पण विवरणपत्र भरल्यावाचून ते परत मिळत नाहीत. पुष्कळ घरांतून अशा रकमा दरसाल केवळ आळसाने सोडून दिल्या जातात. साठ वर्षे पूर्ण झालेल्यांस हीच कपातीची मर्यादा एक लाखाची आहे. पतसंस्था सभासदांच्या व्याजातून पुष्कळदा कर कापत नाही. म्हणून ते व्याज करमुक्त झाले असे मात्र समजू नये. ते उत्पन्नात दाखविलेच पाहिजे.

आता आपल्या भागातील खरा प्रश्न, तो शेतीच्या उत्पन्नाचा. शेतीच्या उत्पन्नावर केंद्राचा प्राप्तिकर नाही. 1886 च्या कायद्यापासून ही सवलत चालत आली, आणि राज्यघटनेने शेती-उत्पन्नावरील कर हा विषय राज्यांकडे सोपविला आहे. परंतु करमुक्त म्हणजे सांगावयाचे नाही, असा अर्थ होत नाही. शेतीचे निव्वळ उत्पन्न वर्षास 5,000 रुपयांहून अधिक असल्यास नोकरदारांचा 'सहज' नावाचा सोपा नमुना चालत नाही. त्याच्या पुढचा नमुना घ्यावा लागतो. शिवाय अन्य उत्पन्न करमुक्त मर्यादेच्या वर असेल, तर कराचा दर ठरविण्यापुरते शेतीचे उत्पन्न हिशेबात धरतात. वर सांगितलेल्या शिक्षकाची दीड लाखाची शेती असली तरी सुटीमुळे त्यास कर येणार नाही. पण नमुना मात्र बदलेल. चुकीच्या नमुन्यात भरलेले विवरणपत्र सदोष ठरते व पुन्हा लिहिणे येते. दुधाचा धंदा, कोंबडीपालन आणि ट्रॅक्टर भाड्याने देणे यांचे उत्पन्न शेतीचे नव्हे, हेही येथे सांगून ठेवतो. सोयाबीन, तूर, उडीद अथवा द्राक्षे विकल्यावर आडत्याची पट्टी मिळते; ती, साताबाराचा उतारा आणि पीकपाहणीची नोंद एवढे तीन कागद जवळ असले म्हणजे शेतीचे उत्पन्न कोठून आले, या प्रश्नास उत्तर तयार असते. बी-बियाणे, खते, मजुरी यांचा खर्च वजा केल्यावर उरते ते निव्वळ उत्पन्न; त्यासाठी साध्या वहीत ओळभर टिपण पुरे.

कागद जपण्याची गोष्ट निघाली, तेव्हा आपल्याच खंडोबाचे स्मरण होते. नळदुर्ग आणि अणदूर या दोन गावी देव वर्षाचा काळ वाटून राहतो, आणि मूर्ती एका गावाहून दुसऱ्या गावी नेताना दोन्हीकडील मानकऱ्यांत लेखी करार होतो. जेथे देवाच्या येण्याजाण्याचाही कागद होतो, तेथील माणसांनी स्वतःच्या मिळकतीचा कागद ठेवण्याचा कंटाळा का करावा?

रीत अगदी सोपी आहे. पाडव्याच्या सुमारास आर्थिक वर्ष बदलते. त्या वेळी घरातील प्रत्येक कमावत्या माणसाच्या नावाची एकेक पिशवी करावी आणि तीवर वर्ष लिहावे. महिन्याच्या पहिल्या रविवारी, घरात चहा होईपर्यंतच्या वेळात, त्या महिन्याची पगारपत्रके, व्याजाच्या पावत्या, आडतीच्या पट्ट्या, विम्याच्या व घरकर्जाच्या पावत्या तीत घालाव्यात. पिशवीवर एक पत्रक चिकटवून त्यावर सर्व बँकखाती, ठेवी व पतसंस्थांतील पुस्तके यांची यादी करावी. ठेव मोडली की खोडावी, नवी झाली की लिहावी. मुदतीअंती एकदम मिळणाऱ्या ठेवीचे व्याजही बँका दरसाल जमा दाखवितात, हे पुष्कळांस ठाऊक नसते. यादी असली म्हणजे ते सुटत नाही. महिन्याची ही पंधरा मिनिटे ज्याने दिली, त्याला जुलैत रात्र जागावी लागत नाही.

जून महिन्यात दुसरे काम करावे. प्राप्तिकर खात्याच्या संकेतस्थळावर प्रत्येकाच्या नावे वार्षिक माहितीचे विवरण असते. त्यास सर्वजण ए. आय. एस. म्हणतात. बँकेने दिलेले व्याज, कापलेला कर, शेअरांची विक्री, बचतखात्यात वर्षभरात दहा लाखांवर गेलेला रोख भरणा, अशा नोंदी त्यात सरकारजवळ आधीच पोहोचलेल्या असतात. ते छापून घ्यावे आणि आपल्या पिशवीतील कागदांशी ओळीने ओळ ताडून पाहावे. जुळले तर उत्तम. न जुळले तर ती नोंद चूक आहे असे तेथेच कळविण्याची सोय आहे. बँकेची चूक असल्यास बँकेकडून दुरुस्त करून घेण्यास जून-जुलैचा अवधी मिळतो, अखेरच्या दिवशी मिळत नाही. मालकाचे प्रमाणपत्र साधारण जूनच्या मध्यापर्यंत हाती येते. सर्व कागद ताडून झाले की विवरणपत्र भरण्यास तासाभराहून अधिक वेळ सहसा लागत नाही. जुनी करपद्धती की नवी, हेही तेव्हाच दोन्ही प्रकारे आकडा काढून ठरवावे. नोकरदारास ही निवड दरसाल करता येते. व्यवसाय असणाऱ्यास ती वारंवार बदलता येत नाही, म्हणून त्याने जाणत्याचा सल्ला घेऊनच पाऊल टाकावे.

पगारदार व निवृत्तांची नेहमीची मुदत 31 जुलै आहे. ज्यांचा व्यवसाय आहे, त्यांनी आपली मुदत निराळी पाहून घ्यावी. 2025 साली मुदत वाढून 15 आणि मग 16 सप्टेंबरपर्यंत गेली होती. पण वाढीच्या भरवशावर बसणे म्हणजे पावसाच्या भरवशावर पेरणी न करणेच होय. मुदत चुकल्यास 31 डिसेंबरपर्यंत विलंब-शुल्क भरून विवरणपत्र देता येते. उत्पन्न पाच लाखांपर्यंत असल्यास हे शुल्क 1,000 व त्यावर असल्यास 5,000 रुपयांपर्यंत आहे. पाठविल्यावर तीस दिवसांत आधारच्या साहाय्याने अथवा अन्य मार्गाने त्याची खातरजमा करावयाची असते. ती राहिली तर पाठविलेले विवरणपत्र ग्राह्य धरले जात नाही. सारे नीट करून एवढ्या एका पायरीवर घसरणारे पुष्कळ आहेत. परतावा ज्या खात्यात यावयाचा, ते खातेही संकेतस्थळावर आधी प्रमाणित करून ठेवावे.

आता एका धोक्याविषयी स्पष्ट बोलणे आम्ही कर्तव्य समजतो. 'परतावा काढून देतो, त्यातला काही हिस्सा द्या' असे म्हणणारे मध्यस्थ गावोगावी फिरतात. न दिलेले घरभाडे, न दिलेली देणगी, न झालेला औषधोपचार अशा खोट्या वजावटी लिहून ते परतावा मिळवितात आणि निघून जातात. सही व नाव राहते ते आपले. 14 जुलै 2025 रोजी प्राप्तिकर खात्याने अशा प्रकरणी देशभर सुमारे 150 ठिकाणी तपास केला. त्यापूर्वीच्या चार महिन्यांत सुमारे 40,000 करदात्यांनी 1,045 कोटी रुपयांच्या खोट्या मागण्या स्वतःहून मागे घेतल्या, असे सरकारने त्या वेळी जाहीर केले. यांतील पुष्कळ जण तुमच्याआमच्यासारखेच नोकरदार असणार. म्हणून जाणत्या सल्लागाराचे साहाय्य जरूर घ्यावे, त्याची वाजवी दक्षिणाही द्यावी. पण भरलेले विवरणपत्र पाठविण्यापूर्वी स्वतः वाचावे, परवलीचा शब्द स्वतःजवळ ठेवावा आणि ओटीपी कोणास दूरध्वनीवरून सांगू नये. खात्याच्या पत्रावर 1 ऑक्टोबर 2019 पासून एक ओळखक्रमांक असतो. तो संकेतस्थळावर पडताळून पाहता येतो. परताव्याचे आमिष दाखविणारा संदेश आला तर प्रथम हा क्रमांक शोधावा.

याच ओघात आपल्या मंडळाविषयीही एक गोष्ट सांगतो. ती मंडळाच्या व्यासपीठावरूनच सांगितलेली बरी. वसतिगृहनिधीस दिलेल्या देणगीच्या पावतीवर करात सवलत मिळते का, असे पुष्कळ बंधु विचारतात. एखाद्या विशिष्ट जातीच्या वा धर्मसमाजाच्या हितासाठी स्थापलेल्या संस्थेच्या देणगीस ही सवलत कायद्याने नाही. अनुसूचित जाती-जमाती, मागासवर्ग, तसेच स्त्रिया व बालके यांच्या हितासाठी असलेल्या संस्थांचा अपवाद आहे; तरीही संस्थेजवळ तसे मान्यतेचे प्रमाणपत्र असावेच लागते. आपल्या मंडळाच्या पावतीवर तशी नोंद नाही. नव्या करपद्धतीत तर ही वजावट कोणत्याच संस्थेच्या देणगीस मिळत नाही. तेव्हा वसतिगृहातील मुलांसाठी जे द्यावयाचे ते प्रेमाने द्यावे आणि विवरणपत्रात ती पावती लिहू नये.

अखेरचा मुद्दा भगिनींकरिता, आणि आमच्या मते तो सर्वांत महत्त्वाचा. आमच्या परिचयाच्या एका घरी कर्ता पुरुष अकस्मात गेला. ठेवी कोठे, पॅन कार्ड कोठे, विवरणपत्र कोण भरत असे, संकेतस्थळाचा शब्द कोणता, यांपैकी काहीच त्या माउलीस ठाऊक नव्हते. पतीचे कापलेले पैसे परत मिळावयाचे होते. पण ते मागण्याचा मार्ग कळेपर्यंत मुदत उलटून गेली. दुःखाच्या दिवसांत तिला बँकांच्या पायऱ्या चढाव्या लागल्या, त्या निराळ्याच. मृत व्यक्तीचे मृत्यूच्या दिवसापर्यंतचे विवरणपत्र वारसाने भरावयाचे असते, आणि त्यासाठी मृत्यूचा दाखला व वारसाचा पुरावा देऊन संकेतस्थळावर प्रतिनिधी म्हणून नोंद करावी लागते. हे काम अवघड नाही. पण ज्या घरी यादीच नाही, तेथे ते डोंगराएवढे होते. म्हणून पिशवी भरण्याच्या वेळी पतिपत्नींनी बरोबर बसावे. पतीने पत्नीच्या नावे ठेवलेल्या ठेवीचे व्याज कायदा पतीच्याच उत्पन्नात धरतो, आणि तिची स्वतःची कमाई अथवा माहेरच्या देणगीची ठेव तिच्या उत्पन्नात धरतो. हा भेद दोघांसही ठाऊक असावा. जी गृहिणी महिन्याचा किराणा आणि दुधाचा हिशेब बिनचूक ठेवते, तिला हे कागद कळणार नाहीत असे मानणे हा तिच्यावर अन्याय आहे.

मंडळास आमची एक नम्र विनंती आहे. जून महिन्यातील दोन रविवारी मंडळाच्या जागेत संगणक जाणणाऱ्या आपल्या तरुणतरुणींनी बसावे आणि ज्येष्ठांस त्यांचे माहितीविवरण छापून, समजावून द्यावे. परवलीचा शब्द ज्याचा त्यानेच टंकित करावा. कोणाचे उत्पन्न किती, याची वाच्यता होऊ नये. मोबदला घेऊ नये. आणि प्रकरण गुंतागुंतीचे दिसल्यास, जसे की रस्त्यासाठी गेलेल्या जमिनीचा मोबदला व त्यावरील व्याज, ते सनदी लेखापालाकडे पाठवावे. एवढी पथ्ये पाळली तर या दोन दिवसांचा उपयोग वधूवर-मेळाव्याहून कमी ठरणार नाही.

बोरी नदीवरचा किल्ल्यातील बंधारा आपण सर्वांनी पाहिला आहे. पावसाळ्याचा लोंढा येण्यापूर्वीच त्याला वाट करून ठेवलेली आहे, म्हणून तो शतकानुशतके टिकला. घरच्या कागदांचेही तसेच आहे. या वर्षी निदान एक पिशवी आणि एक यादी प्रत्येक घरी व्हावी, एवढी अपेक्षा व्यक्त करतो.